सज्ज्यातला पाठमोरा माणूस

म्हातारा, त्याचा मुलगा आणि त्यांचं गाढव. ही गोष्ट ऐकल्याशिवाय मराठी घरातलं मूल मोठं होत नाही. गाढव मोकळं चाललंय म्हणून लोक हसतात, तर मुलगा गाढवावर बसतो. म्हातारा बाप पायी आणि पोरगा वर, म्हणून लोक नावं ठेवतात, तर बाप बसतो. मग दोघं बसतात, मग दोघं उतरतात आणि शेवटी गाढवच त्यांच्या खांद्यावर येतं. ऐकावे जनाचे, करावे मनाचे, असं म्हणून आजी गोष्ट संपवायची आणि आपण झोपून जायचो.

१९८१ मध्ये बडोद्यात राहणाऱ्या ४७ वर्षांच्या एका माणसानं हीच गोष्ट कॅनव्हासवर रंगवली. बाप, लेक आणि गाढव एकाच गावात पुन्हा पुन्हा दिसतात, गोष्टीच्या वेगवेगळ्या टप्प्यांवर. भोवती घरं आहेत आणि आपापल्या कामात गुंतलेली माणसं. हे सगळं आपल्याला दिसतं ते एका सज्ज्यातून, आणि त्या सज्ज्यात कठड्याशी एक माणूस उभा आहे. पाठमोरा. अंगावर एक सूतही नाही.

चित्राचं नाव ‘यू कान्ट प्लीज ऑल’, चित्रकार भूपेन खख्खर. सध्या ते लंडनच्या टेट संग्रहात आहे, १९९६ मध्ये टेटनं ते विकत घेतलं. मी ते पुस्तकातल्या छापील पानावर कितीदा पाहिलं असेल याची मोजदाद नाही, पण ते कळलं एका दुपारी, टेप घेऊन बसल्यावर. चित्र सुमारे १७५ सेंटिमीटर उंच आणि तेवढंच रुंद आहे. मी दाराच्या चौकटीवर पेन्सिलनं खूण केली. पावणेसहा फूट! म्हणजे बऱ्यापैकी उंच माणसाएवढं. सज्ज्यातला तो माणूस जवळजवळ खऱ्या मापाचा आहे आणि गोष्टीतलं गाढव बोटभर. पुस्तकाच्या पानावर आपण गाव पाहत बसतो. खऱ्या चित्रासमोर मात्र आपण त्या माणसाच्या मागे, त्याच्याच खोलीत उभे असणार. त्याला आपण दिसत नाही, पण आपण कुठे उभे आहोत हे चित्रकारानं ठरवून ठेवलेलं आहे. तो काय करणार? कपडे घालून खाली जाणार, की तसाच उभा राहणार? गावानं वर पाहिलं तर?

हा माणूस म्हणजे भूपेन स्वतः. त्याला त्या कठड्यापर्यंत यायला बरीच वर्षं लागली.

त्यांचा जन्म १० मार्च १९३४चा, मुंबईतला. गिरगावाला लागून असलेल्या खेतवाडीत ते वाढले, एका गुजराती कुटुंबात, शेंडेफळ म्हणून. चार वर्षांचे असताना वडील गेले. अशा घरातल्या हुशार मुलानं काय व्हायचं ते ठरलेलंच असतं. भूपेन चार्टर्ड अकाउंटंट झाले. जमाखर्चाचं शिक्षण त्यांनी नीट पूर्ण केलं आणि दुसरीकडे संध्याकाळी जे. जे. स्कूल ऑफ आर्टच्या वर्गांना जाऊन बसले. पन्नाशीच्या दशकाच्या अखेरीला त्यांची गाठ तरुण चित्रकार-कवी गुलाममोहम्मद शेख यांच्याशी पडली. शेखांनी बडोद्याला चल म्हटलं. १९६२ मध्ये भूपेन बडोद्याला आले, कलासमीक्षेचं शिक्षण घेण्यासाठी, आणि मग तिथलेच झाले. पोटासाठी एका कारखान्यात अर्धवेळ हिशेब लिहायचे, उरलेल्या वेळात चित्रं काढायचे.

बडोदं मराठी वाचकाला परकं नाही. सयाजीरावांचं बडोदं, खंडोबाचं देऊळ असलेलं बडोदं, साहित्य संमेलनांचं बडोदं. भूपेन जन्मले त्याच १९३४ साली तिथे एक मराठी साहित्य संमेलन भरलं होतं. पण या गोष्टीसाठी बडोद्यातलं आणखी एक माणूस ओळखायला हवं. महाराजा सयाजीराव विद्यापीठ १९४९ मध्ये सुरू झालं, तेव्हा त्याच्या पहिल्या कुलगुरू होत्या हंसा मेहता. त्याआधी त्या संयुक्त राष्ट्रांच्या मानवी हक्क आयोगावर भारताच्या प्रतिनिधी होत्या. १९४८च्या मानवी हक्क जाहीरनाम्याच्या मसुद्यात ‘ऑल मेन’ जन्मतः स्वतंत्र असतात, असे शब्द होते. हंसाबेननी आग्रह धरला आणि ते ‘ऑल ह्यूमन बीइंग्ज’ झाले. एका शब्दानं जगातली निम्मी माणसं वाक्यात आली. त्याच बाईंच्या कारकिर्दीत, १९५० मध्ये, या विद्यापीठात ललित कलांची स्वतंत्र विद्याशाखा उभी राहिली. ना. श्री. बेंद्रे चित्रकला विभागाचे प्रमुख झाले, शंखो चौधुरी शिल्पकलेचे, पाठोपाठ के. जी. सुब्रमण्यन आले. चित्रकारानं इतिहास वाचावा, कारागिराकडून शिकावं, रस्त्यावरची पाटीही नीट पाहावी, असं मानणारी ती शाळा होती. हिशेबनिसाला ती मानवली.

सुरुवातीला त्यांनी ब्रशपेक्षा कात्री जास्त चालवली. बाजारात मिळणाऱ्या देवादिकांच्या तसबिरी कापायच्या, कॅनव्हासवर चिकटवायच्या आणि भोवती रंगांचे फराटे ओढायचे. १९६५ मध्ये मुंबईत त्यांनी ही कोलाजं मांडली. इथे मला एक वर्तुळ पूर्ण होताना दिसतं. राजा रविवर्मानं पौराणिक चित्रं रंगवली ती बडोद्याच्या गायकवाडांसाठी. लोकांना ती हवीहवीशी झाली म्हणून १८९४ मध्ये मुंबईत छापखाना निघाला, पुढे तो लोणावळ्याजवळ मळवलीला गेला, आणि तिथून लक्ष्मी-सरस्वती घरोघरी भिंतींवर पोचल्या. देवघरात, पेढीवर, वाण्याच्या गल्ल्यामागे. तोच कागदी देव सत्तर वर्षांनी भूपेन बडोद्यात परत घेऊन आले, कॅलेंडर होऊन, कडा दुमडलेला. शिकलेले लोक ज्याला बाजारू म्हणून बाजूला सारत, त्यातच आपल्या लोकांची खरी आवडनिवड आहे हे त्यांना दिसलं होतं.

मग सत्तरीच्या दशकात ती चित्रं आली ज्यांच्यासाठी मी त्यांच्या प्रेमात पडलो. ‘डीलक्स टेलर्स’, ‘जनता वॉच रिपेअरिंग’, ‘बार्बर्स शॉप’. बडोद्याच्या गल्लीतला शिंपी, घड्याळजी, न्हावी. १९७२-७३ची ही चित्रं. तोवर आधुनिक भारतीय चित्रांत गरीब माणूस यायचा तो भव्य दुःख घेऊन, किंवा शेतातला देखणा कष्टकरी म्हणून. दुकान उघडून बसलेला, तेल लावून भांग पाडलेला, गिऱ्हाइकाची वाट पाहणारा मधल्या उत्पन्नाचा माणूस कुणी रंगवण्याजोगा मानलाच नव्हता. ‘असिस्टंट अकाउंटंट मिस्टर आय. एम. पटेल’ असंही एक चित्र आहे. सहायक हिशेबनीस!

ज्यानं कधी रोजकीर्द लिहिली आहे त्याला या चित्रांची रीत ओळखता येईल. रोजकीर्दीत लहान रक्कम आणि मोठी रक्कम यांची नोंद सारख्याच काळजीनं होते. चार आण्यांची टाचणी गाळली तर ताळेबंद जमत नाही. भूपेनच्या चित्रात भिंतीवरचं घड्याळ, कापडाचा तुकडा, कुंडीतलं रोप आणि माणसाचा चेहरा या सगळ्यांना तीच काळजी मिळते. काहीही ‘पार्श्वभूमी’ म्हणून ढकलून दिलेलं नाही. शरीररचनेचं शास्त्रशुद्ध शिक्षण त्यांना नव्हतं, त्यामुळे त्यांची माणसं थोडी अवघडलेली, हात कुठे ठेवावा न कळल्यासारखी बसतात. फोटो काढायला स्टुडिओत गेलेली माणसं तशीच बसतात की नाही? त्या अवघडलेपणात मला फार माया दिसते.

पण या नोंदवहीत एक पान कोरं होतं, त्यांचं स्वतःचं. भूपेनना पुरुषांबद्दल ओढ होती, त्यातही वयानं मोठ्या, साध्या, संसारी पुरुषांबद्दल. हे ते कित्येक वर्षं कुणाला सांगू शकले नाहीत. भारतीय दंड संहितेचं कलम ३७७ इंग्रजांनी १८६० मध्ये लिहिलं होतं आणि त्यात अशा संबंधांना जन्मठेपेपर्यंत शिक्षा होती. पण खरी धास्ती कायद्यापेक्षा घराची. आईला काय वाटेल, शेजारी काय म्हणतील. गाढव खांद्यावर घेऊन चालण्यात माणसाची उमर निघून जाते, आणि ज्याच्या खांद्यावर ते असतं त्याला रात्रीही ते उतरवता येत नाही.

१९७९ मध्ये ते इंग्लंडला गेले. बाथजवळच्या कोर्शममध्ये काही महिने कलाशाळेत राहिले, चित्रकार हॉवर्ड हॉजकिन यांच्याशी त्यांची मैत्री होती. तिथे पुरुष पुरुषासोबत उघडपणे घर करून राहतो आणि सकाळी दूधवाला येतो, जग बुडत नाही, हे त्यांनी पाहिलं. १९८०मध्ये आई गेली. १९८१मध्ये तो माणूस सज्ज्यात येऊन उभा राहिला.

आपल्याकडेही ते वर्ष लक्षात ठेवण्यासारखं आहे. त्याच १९८१ मध्ये विजय तेंडुलकरांचं ‘मित्राची गोष्ट’ रंगमंचावर आलं, एका मुलीवर प्रेम करणाऱ्या मुलीचं नाटक. एकाच काळात, दोन भाषांच्या दोन माणसांनी, आपापल्या माध्यमात ते दार ढकललं. मित्रा मात्र शोकांतिकेत संपते. भूपेनचा माणूस संपत नाही, तो उभा आहे.

आता चित्राच्या यंत्रणेकडे वळू, कारण मला खरं नवल वाटतं ते तिचं. कॅमेऱ्याच्या फोटोत एकच क्षण असतो. भूपेनच्या गावात मात्र गोष्टीतला आधीचा आणि नंतरचा काळ शेजारी-शेजारी नांदतो. ही युक्ती जुनी आहे. चौदाव्या शतकातल्या इटलीत, सिएनाच्या चित्रकारांनी नगराच्या भिंतींवर अशी सबंध गावं रंगवली, आणि त्यांचं भूपेनना फार अप्रूप होतं. पण त्यासाठी सिएनालाच जायला हवं असंही नाही. आपल्या पोथ्यांतली चित्रं, नाथद्वाऱ्याचे पट, सगळीकडे एकच कृष्ण एका पटावर चारदा दिसतो आणि कुणी गोंधळत नाही. बडोद्यातच भाऊ तांबेकरांचा वाडा आहे, एकोणिसाव्या शतकातल्या दिवाणांचा. त्याच्या भिंती लाकडी चौकटींपर्यंत चित्रांनी भरल्या आहेत. रामायण-महाभारत, कृष्णलीला, लढाया, शेजारीच घरगुती प्रसंग. पाहणारा चालत जातो आणि गोष्ट त्याच्यासोबत चालते.

भूपेननी त्या जुन्या रीतीत एक नवी गोष्ट केली. काळ जसा शेजारी-शेजारी ठेवला तशी खाजगी आणि सार्वजनिक जागाही शेजारी-शेजारी ठेवली, मध्ये फक्त एक कठडा. १९८२च्या ‘टू मेन इन बनारस’मध्ये तर तोही नाही. गडद निळ्यात दोन विवस्त्र पुरुष मिठीत उभे आहेत आणि त्याच कॅनव्हासवर बनारस आपलं रोजचं काम करतंय. देवळं, साधू, पूजापाठ. कुणी त्यांच्याकडे बोट दाखवत नाही. ज्यांना आयुष्यभर आडोसा शोधावा लागतो, त्यांना चित्रकारानं सबंध तीर्थक्षेत्र मोकळं करून दिलं. २०१९मध्ये लंडनच्या लिलावात हे चित्र पंचवीस लाख पौंडांच्या वर गेलं. किंमत सांगतो ती फक्त एवढ्यासाठी की भूपेन ते रंगवत होते तेव्हा ते कुठे टांगता येईल हाच मोठा प्रश्न होता.

आणि त्यांनी रंगवलेले देह! युरोपच्या चित्रांत पुरुषाचा नग्न देह म्हणजे ग्रीक देव, पोटावर वळ्या असतील तर त्या फक्त स्नायूंच्या. भूपेनचे पुरुष पन्नाशी-साठीचे, पोट सुटलेले, केस पिकलेले. पेन्शनर काका. त्यांच्या स्पर्शात शृंगार आहेच, त्याहून जास्त शुश्रूषा आहे. १९८६च्या एका चित्राचं नावच ‘सेवा’ आहे. देखण्या तरुणांपुरतं प्रेम राखून ठेवण्याची सवय आपल्या सिनेमाला आणि कवितेलाही आहे. सुरकुतलेल्या हातालाही कुणाचा तरी हात हवा असतो, हे इतक्या उघडपणे सांगणारा दुसरा चित्रकार मला माहीत नाही.

‘ययाति’ (१९८७) पाहताना मराठी वाचकाला खांडेकर आठवणारच. १९५९ची ती कादंबरी आपल्या घराघरात आहे. तिथे ययाति म्हणजे न शमणाऱ्या वासनेचं उदाहरण, मुलाचं तारुण्य मागून घेणारा बाप. भूपेनच्या चित्रात पंख असलेला एक तरुण देह एका वृद्ध देहावर झुकलेला आहे. तारुण्य इथे कुणी ओरबाडून घेत नाही, ते दिलं जातंय. तीच पुराणकथा, पण शापाच्या जागी दान आलं.

१९९५च्या ‘सखीभाव’पाशी मी जास्त वेळ थांबतो. वैष्णव परंपरेत पुरुष भक्त स्वतःला कृष्णाची सखी मानतो, काही पंथांत स्त्रीवेशही घेतो. भूपेननी हा भाव चित्रांत आणला. आपल्याला यात परकं काय वाटावं? ज्ञानदेवांच्या विराण्यांत बोलणारी विरहिणी आहे. नाथांच्या गौळणी आहेत, तुकोबांचे विरहिणीचे अभंग आहेत. दाढीमिशा असलेल्या वारकऱ्यांनी त्या शेकडो वर्षं गळा भरून म्हटल्या. विठोबाला तर आपण सरळ माउली म्हणतो, कमरेवर हात ठेवलेल्या त्या पुरुषमूर्तीला. भक्तीतला स्त्रीभाव आणि दोन पुरुषांचं शारीर प्रेम या एकच गोष्टी आहेत असं मी म्हणणार नाही, त्यांत मोठं अंतर आहे. पण पुरुषाच्या आत बाई बोलू शकते आणि तिचं ऐकताना माना डोलतात, हे आपल्या भाषेला सात शतकांहून जास्त काळ ठाऊक आहे. भूपेननी हे माहीत असलेलंच फक्त अंगाखांद्यासह रंगवलं.

त्यांना कार्यकर्ते म्हणावं का? मोर्चा, घोषणा, निवेदन हा त्यांचा पिंड नव्हता. ते गुजरातीत कथा लिहीत, ‘मौजीला मणिलाल’ नावाचं नाटक लिहिलं. १९८१च्याच ‘प्लेस फॉर पीपल’ प्रदर्शनात ते शेख, नलिनी मलानी, विवान सुंदरम, जोगेन चौधरी आणि आपल्या ठाण्याचे सुधीर पटवर्धन यांच्यासोबत उभे राहिले. चित्रात पुन्हा माणूस आणि त्याची गोष्ट यायला हवी, असं सांगणारं ते प्रदर्शन. अरुण खोपकरांनी यांतल्या भूपेन, मलानी आणि सुंदरम यांच्यावर १९९०मध्ये ‘फिगर्स ऑफ थॉट’ हा माहितीपट केला. मोर्चे नसले तरी, कार्यकर्ते म्हणावं का याला माझं उत्तर होकारार्थी आहे. कलम ३७७ पूर्ण ताकदीनिशी लागू असताना स्वतःचा देह, स्वतःच्या नावानं, सही करून भिंतीवर टांगणं ही कृती होती. मायदेशानं ती पाहिलीही: १९८४मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली.

बडोद्यात पुढे हे काम वेगवेगळ्या हातांनी चालू राहिलं. माया शर्मा आणि ‘विकल्प’ या संस्थेनं कष्टकरी वस्त्यांतल्या, एकमेकींवर प्रेम करणाऱ्या बायकांसोबत वर्षानुवर्षं काम केलं. मायाताईंचं ‘लव्हिंग विमेन’ हे पुस्तक २००६मध्ये आलं आणि त्यात शहरी, इंग्रजी बोलणाऱ्या नव्हे तर गावाकडच्या, मजुरी करणाऱ्या बायका होत्या. जखमाही झाल्या. मे २००७मध्ये याच ललित कला विद्याशाखेत परीक्षेसाठी मांडलेल्या एका विद्यार्थ्याच्या चित्रांवरून बाहेरचे लोक आत शिरले, विद्यार्थ्याला अटक झाली. बाकीच्या मुलांनी निषेध म्हणून काय केलं, तर भारतीय कलेच्या इतिहासातल्या शृंगारिक प्रतिमांचं प्रदर्शन मांडलं. ते बंद करायला प्रभारी डीन शिवाजी पणिक्कर यांनी नकार दिला आणि त्यांना निलंबित करण्यात आलं.

हे पाहायला भूपेन नव्हते. नव्वदीच्या दशकाच्या अखेरीला त्यांना प्रोस्टेटचा कर्करोग झाला. ज्या माणसानं देहाचा आनंद रंगवला त्यानं आता देहाचं झिजणंही तितक्याच प्रामाणिकपणे रंगवायला घेतलं. ‘बुलेट शॉट इन द स्टमक’ हे २००१चं. दुसऱ्या एका चित्राचं नाव असं, की दिवसाच्या शेवटी लोखंडाच्या लगडी बाहेर पडल्या. शौचाच्या वेळच्या यातनांचं ते चित्र आहे. हे कुणी रंगवलं होतं का? आपल्या घरांत आजारी माणूस असतो, त्याची पथ्यं, गोळ्या, बेडपॅन असतं, आणि पाहुणे आले की त्या खोलीचा पडदा ओढला जातो. भूपेननी तो पडदाही बाजूला केला. रोजकीर्दीत तीही नोंद हवीच होती.

८ ऑगस्ट २००३ रोजी बडोद्यात ते गेले. त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये मुंबईच्या राष्ट्रीय आधुनिक कला संग्रहालयात त्यांच्या चित्रांचं मोठं सिंहावलोकन भरलं, खेतवाडीपासून काही किलोमीटरवर. २०१६मध्ये लंडनच्या टेट मॉडर्ननं त्यांचं सबंध प्रदर्शन केलं आणि त्याला नाव दिलं ते गाढवाच्या गोष्टीचंच. ६ सप्टेंबर २०१८ला सर्वोच्च न्यायालयानं कलम ३७७ची धार काढून घेतली. त्या दिवशी दूरदर्शनच्या पडद्यावर एकमेकांना मिठी मारून रडणारी मुलं-मुली दिसत होती, भर रस्त्यात, वाहतूक चालू असताना. मला निळ्या रंगातलं बनारस आठवलं.

दाराच्या चौकटीवरची ती पेन्सिलची खूण मी पुसलेली नाही. कधीकधी तिच्याखाली उभा राहून खिडकीबाहेर पाहतो. समोरच्या इमारतीत कुणी कपडे वाळत घालतं, खाली गॅरेजवाला मुलगा गाडीखाली शिरलेला असतो, एक आजोबा नातवाचा हात धरून रस्ता ओलांडतात. त्यांच्यापैकी कुणीतरी कोणत्याही क्षणी मान वर करील.